केसकरांनी रेडिओवरची सिनेमाची गाणी घालवली, मग त्यांना श्रेय द्यायचं का दोष?

तुमचा प्रश्न मला समजला तो असा, की मंडळाच्या स्मरणिकेसाठी नेहरूंच्या काळातले माहिती आणि नभोवाणी मंत्री डॉ. बाळकृष्ण विश्वनाथ केसकरांवर लेख लिहायचाय, आणि तुम्ही ज्या दोघांना विचारलंत त्या दोघांनी अगदी उलटं सांगितलं. घरातले मोठे म्हणाले की या माणसाने रेडिओवरची सिनेमाची गाणी बंद केली, हार्मोनियम बंद केली, लोकांना रेडिओ सिलोन, म्हणजे आजच्या श्रीलंकेचं केंद्र, लावायला लावलं. आणि तुमचे गुरुजी म्हणाले की संस्थानं गेल्यावर गवयांना कुणी जगवलं असेल तर केसकरांनी. आता लेखात गौरव करायचा का टीका, आणि विविध भारतीचं श्रेय त्यांना द्यायचं का, असं तुम्ही विचारताय.

मी आयुष्यभर आकाशवाणीत कार्यक्रम अधिकारी म्हणून काम केलंय, त्यातला बराचसा काळ संगीत विभागात. केसकर माझ्या आधीच्या पिढीचे, त्यांच्या हाताखाली मी नव्हतो. पण त्यांनी घालून दिलेल्या पद्धतीतच आम्ही सगळे वाढलो, रोज त्याच फॉर्मवर सह्या केल्या, त्यामुळे त्यांच्या कामाचं काय चाललं आणि काय नाही हे आतून बघायला मिळालं. त्या बळावर लिहितो. बाकी तुम्ही उत्तर कुठे उभं राहून मागताय यावर बरंच ठरतं, हे आधीच सांगून ठेवतो. सारंगीवाल्याच्या घरात विचाराल तर एक उत्तर येईल, रेडिओ सिलोन ऐकत मोठ्या झालेल्या माणसाकडून दुसरं, आणि ज्या घराण्यातल्या बाईला रेडिओचं दार बंद झालं तिच्या नातवंडांकडून तिसरं. तिन्ही खरीच आहेत.

पहिल्यांदा त्यांच्या हिशेबातल्या चुकीच्या नोंदी काढून टाकू, कारण केसकरांच्या नावावर बऱ्याच गोष्टी फुकट चढल्यात.

हार्मोनियम त्यांनी बंद केली नाही. ती बंदी आली मार्च 1940 मध्ये, तेव्हा इंग्रजांचं राज्य होतं आणि रेडिओचे पहिले कंट्रोलर लायोनेल फील्डन होते, जे 1935 साली बीबीसीतून आलेले. त्याआधी दिल्ली केंद्रावर पाश्चात्त्य संगीत बघणाऱ्या जॉन फोल्ड्स नावाच्या इंग्रज संगीतकाराने पेटीविरुद्ध कडक लेख लिहिला होता, की ठरलेल्या सुरांच्या पट्ट्यांवर आपल्या श्रुती, म्हणजे सुरांमधले बारीक फरक, बसत नाहीत, एका सुरावरून दुसऱ्यावर सलग जाणारी मींड निघत नाही वगैरे. रवींद्रनाथ ठाकुरांनाही पेटी आवडायची नाही, त्यांनी बंदीला उघड पाठिंबा दिला. केसकरांचा दोष एवढाच की दहा वर्षं मंत्री असून त्यांनी ती उठवली नाही, त्यांना स्वतःलाही ती नकोच होती. बंदी सैल झाली 1971 च्या सुमाराला, तीही साथीपुरती आणि वरच्या श्रेणीच्या कलाकारांपुरती, सोलो वादनाला तेव्हाही दार बंदच होतं. आपल्याकडे हे जास्त लागलं कारण नाट्यसंगीत पेटी-ऑर्गनवर उभं आहे, आणि पु. ल. देशपांड्यांसारखा पेटी वाजवणारा माणूस आकाशवाणीत नोकरीला होता त्या काळात स्टुडिओत पेटीला परवानगी नव्हती, हे आजही मला फार खटकतं. पण याचीच दुसरी बाजू बघा, पेटी नाही म्हटल्यावर गायकाला साथ कोण करणार, तर सारंगी. केंद्राकेंद्रावर सारंगीवाले नोकरीला लागले. मैफिलीतून सारंगी मागे पडत होती तेव्हा तिला महिन्याचा पगार रेडिओने दिला. एकाच हुकुमाचे दोन परिणाम, आणि दोन्हीचं श्रेय किंवा दोष केसकरांकडे जात नाही.

दुसरी चुकीची नोंद गायिकांबद्दलची. ज्यांचं खाजगी आयुष्य लोकांत चर्चेचा विषय आहे अशांना रेडिओवर घ्यायचं नाही, हा दंडक 1946 नंतर सरदार पटेल त्या खात्याचे प्रमुख असताना आला. त्याचा फटका बसला तो कोठ्यांवरच्या परंपरेतून आलेल्या गायिकांना, म्हणजे ठुमरी-दादरा ज्यांनी शतकभर सांभाळला त्यांनाच. केसकर 1952 ला आले तेव्हा हे वातावरण तयार होतं. त्यांनी ते बदललं नाही, उलट पक्कं केलं.

आता त्यांनी स्वतः काय केलं ते.

माणूस पुण्यात जन्मलेला, पॅरिसला जाऊन डॉक्टरेट केलेला, स्वातंत्र्य चळवळीतला, आणि स्वतः धृपद शिकलेला. हे शेवटचं महत्त्वाचं आहे, कारण माहिती आणि नभोवाणी खात्याला गाणं शिकलेला मंत्री मिळणं हा योगायोग होता आणि तो 1952 ते 1962 इतका लांब टिकला. आल्याआल्या त्यांनी सिनेसंगीताची वेळ कमी करायला घेतली, गाणी निवडून घ्यायची ठरवलं, आणि अनाउन्समेंटमध्ये चित्रपटाचं नाव घ्यायचं नाही असं केलं, कारण नाव घेतलं की ती फुकटची जाहिरात होते. ज्याने स्टुडिओत काम केलंय त्याला कळेल हा घाव कुठे बसतो. निर्मात्याला रेडिओकडून मिळणाऱ्या पैशापेक्षा त्या नावातच रस होता. निर्मात्यांनी परवान्याचे करार काढून घेतले आणि गाणी रेडिओवरून गेलीच. म्हणजे 'बंदी घातली' हे अर्धं खरं, वाटाघाट फिसकटली आणि मंत्र्यांना ती फिसकटल्याचं दुःख झालं नाही, हे जास्त बरोबर.

पुढचं सगळ्यांना माहीत आहे. रेडिओ सिलोनकडे महायुद्धातला ताकदवान शॉर्टवेव्ह ट्रान्समीटर होता, 1952 च्या डिसेंबरात अमीन सायानींची बिनाका गीतमाला सुरू झाली आणि बुधवारची संध्याकाळ सिलोनची झाली. इथे एक गोष्ट मात्र लोक विसरतात, आणि ती आम्ही कार्यक्रम करणाऱ्यांनी तरी विसरू नये. आकाशवाणीने गाणी चालू ठेवली असती तरी गीतमाला चाललीच असती. कारण ती नुसती गाणी नव्हती, ती स्पर्धा होती, पायदान म्हणजे गाण्यांचा वर-खाली होणारा क्रम होता, पत्रं होती, प्रायोजक होता आणि माणसाशी बोलतो तसा बोलणारा निवेदक होता. आपल्याकडे तेव्हा जाहिरात घ्यायची सोय नव्हती आणि निवेदकाने लिहून दिलेल्यापलीकडे बोलायचं नाही ही शिस्त. केसकरांच्या निर्णयाने सिलोनचं काम सोपं झालं हे खरं, पण सगळा सिलोन त्यांच्या डोक्यावर ठेवणं मला पटत नाही.

हेच बीबीसीचं झालं होतं वीस वर्षं आधी. जॉन रीथ 1922 पासून तिथे होते, 1927 ते 1938 महासंचालक, लोकांना जे हवंय त्यापेक्षा जे चांगलं आहे ते द्यायचं असा त्यांचा आग्रह, आणि रविवारी तर जवळजवळ फक्त धर्म आणि गंभीर संगीत. मग इंग्लंडातली माणसं रविवारी रेडिओ नॉर्मंडी आणि रेडिओ लक्झेंबर्ग लावायला लागली, परदेशातून येणारी, जाहिरातीवर चालणारी, नाचगाण्याची. फील्डन याच रीथच्या संस्थेतून इकडे आलेले. त्यामुळे केसकर हा एखादा विक्षिप्त अपवाद होता असं समजू नका, सार्वजनिक नभोवाणीच्या पहिल्या पिढीची ही ठाम समजूतच होती की काटा दुसरीकडे फिरणार नाही. तो फिरतो. लहरींना सरहद्द नसते हे रीथच्या काळातच कळलेलं होतं, आणि केसकरांसारख्या युरोपात राहून आलेल्या माणसाने ते जमेला धरलं नाही, ही त्यांची मोठी चूक म्हणून नोंदवा.

आता जमेची बाजू, आणि इथे मी जरा जास्त रेंगाळणार आहे कारण यावर कमी लिहिलं जातं.

स्वातंत्र्याच्या वेळी आपल्या वाट्याला सहा केंद्रं आली होती. त्याच दोन-तीन वर्षांत संस्थानं विलीन झाली, म्हणजे ज्या दरबारातून गवयाला सालीना मिळायचा ते दरबारच गेले. मैफिली होत्या, पण त्यावर किती जणांचं घर चालणार? अशा वेळी रेडिओने नियमित काँट्रॅक्ट द्यायला सुरुवात केली. 1952 च्या जुलैत संगीताचा राष्ट्रीय कार्यक्रम सुरू झाला, 1954 पासून रेडिओ संगीत संमेलन, दिल्लीत वाद्यवृंद उभा राहिला ज्याचं काम पंडित रविशंकरांनी केलं. शनिवारी रात्री साडेनऊला जो गायक राष्ट्रीय कार्यक्रमात बसायचा तो दुसऱ्या दिवशी देशभरात ओळखीचा व्हायचा. त्या संमेलनांच्या टेप राहिल्या, म्हणून आज आपण त्या लोकांचे आवाज ऐकतोय. ज्यांच्या व्यावसायिक रेकॉर्डी फारशा निघाल्याच नाहीत त्यांचे तास-तासभराचे ख्याल फक्त रेडिओच्या टेपेवर आहेत. तुमचे गुरुजी म्हणतात ते या अर्थाने शंभर टक्के खरं आहे.

मग ऑडिशन. इथे केसकरांचा चांगुलपणा आणि कडवेपणा एकाच खोलीत बसलेले दिसतात. त्यांनी ठरवलं की रेडिओवर गायचं तर प्रत्येकाने परीक्षा द्यायची, श्रेणी घ्यायची. परीक्षक मंडळाचं काम पंडित श्रीकृष्ण नारायण रातंजनकरांकडे, म्हणजे भातखंडे परंपरेतले विद्वान, शास्त्रावर हुकमत असलेले. आता कल्पना करा, एखादा खानदानी उस्ताद, बापाकडून आजोबाकडून आलेली चीज ज्याच्या गळ्यात आहे, त्याला विचारायचं की या रागाचा वादी सांगा, थाट सांगा, याच्याशी मिळतीजुळती दुसरी रागिणी गाऊन फरक दाखवा. तो गाऊन दाखवेल, सांगणार नाही. त्याच्या घरात ते कधी त्या शब्दांत सांगितलंच गेलं नाही. अनेकांना हा अपमान वाटला, कलाकारांनी विरोध केला, संघटना झाल्या, काहींनी रेडिओवर पाय ठेवणार नाही म्हटलं. आणि तो राग रास्त होता.

पण त्याच ऑडिशनचं पुढे काय झालं हे मी जवळून पाहिलंय. मी ज्या ऑडिशन घेतल्या त्यात उमेदवार स्टुडिओत, समिती वेगळ्या खोलीत, स्पीकरवर फक्त आवाज येतोय. समितीपुढच्या कागदावर नाव नाही, नंबर आहे. उमेदवाराने रागांची यादी दिलेली असते, समिती त्यातून काढते, अमुक नंबरला मारवा सांगा. एकदा असा नंबर आला, विलंबित सुरू झालं, पहिल्याच आवर्तनात समितीतले ज्येष्ठ गायक लिहिता लिहिता थांबले आणि पेन खाली ठेवून ऐकत बसले. नंतर नाव कळलं तेव्हा ती मुलगी कुणाचीच मुलगी नव्हती, म्हणजे कुठल्या घराण्याची नाही, कुणा मोठ्याची शिष्या नाही, तालुक्याच्या गावी एका शाळामास्तरांकडे शिकलेली. ती स्थानिक समितीतून पुढे गेली. खाजगी मैफिलीत तिला कुणी बोलावलं असतं असं मला वाटत नाही, कारण तिथे आधी विचारतात कुणाकडे शिकलात. या पद्धतीत वशिला शिरलाच नाही असं मी म्हणणार नाही, माणसं जिथे आहेत तिथे तो शिरतो. पण नंबर लावून ऐकायची ही जी सोय झाली तिने किती तरी अशा लोकांना दार उघडलं. आजही छोट्या गावातल्या कार्यक्रमाच्या पत्रिकेवर गायकाच्या नावाखाली 'आकाशवाणी बी-हाय श्रेणीप्राप्त' छापतात, त्याला त्यावर शिकवण्या मिळतात, मानधन ठरतं. ही सत्तर वर्षं टिकलेली रचना केसकरांच्याच काळात उभी राहिली.

आणि आता ज्यात मी त्यांना कसलीही सूट देत नाही ते. आपलं संगीत का घसरलं याचं त्यांच्याकडचं उत्तर असं होतं की मुसलमान दरबारांत आणि मुसलमान उस्तादांच्या हातात जाऊन ते आपल्या मूळ आध्यात्मिक पायापासून तुटलं, मग इंग्रजांनी दुर्लक्ष केलं. हे त्यांनी मांडलं, लिहिलं. इतिहास म्हणून हे चुकीचं आहे, ज्या ख्यालावर त्यांचा राष्ट्रीय कार्यक्रम उभा होता तो ख्यालच त्या उस्तादांनी घडवलेला. आणि हा विचार करणारा माणूस जेव्हा ऑडिशनची पद्धत ठरवतो तेव्हा शास्त्राच्या प्रश्नांवर कोण अडणार आणि कोण सहज पास होणार हे आधीच ठरून जातं. म्हणून मी वर म्हटलं की उस्तादांचा राग रास्त होता, तो फक्त अहंकाराचा नव्हता. लेखात हे टाळू नका. गौरव अंक असला तरी टाळू नका.

 

आता गाणी गेल्यावर मोकळ्या वेळेत काय आलं? हा भाग मला सगळ्यात जास्त आवडतो. केंद्रांना सांगितलं गेलं की हलकंफुलकं संगीत हवंच ना, मग स्वतः तयार करा. सुगम संगीत म्हणून आपण जे ओळखतो त्याला केंद्रावर वेगळी माणसं, वेगळा वाद्यमेळ, पैसे मिळाले ते यात. पुणे केंद्र सुरू झालं 2 ऑक्टोबर 1953 ला, आणि दीड वर्षात, 1 एप्रिल 1955 च्या रामनवमीला तिथून गीतरामायण सुरू झालं. कल्पना केंद्रातल्या सीताकांत लाडांची, शब्द गदिमांचे, चाली सुधीर फडक्यांच्या, दर आठवड्याला एक नवीन गाणं, एकूण छप्पन. आता मला सांगा, गदिमा आणि फडके कुठले? सिनेमातलेच. 1957 ला विविध भारती आली तिची बांधणी कुणी केली, पंडित नरेंद्र शर्मांनी, तेही सिनेमाचे गीतकार. उद्घाटनाच्या गाण्याची चाल अनिल विश्वासांची, आवाज मन्ना डेंचा. म्हणजे केसकरांना सिनेमाच्या गाण्यात जे वाईट दिसत होतं ते घालवायला शेवटी सिनेमाचीच माणसं लागली, आणि त्यांनी रेडिओवर येऊन उत्तम काम केलं. यातून मी एवढंच काढतो की बिघाड त्या माणसांत नव्हता, त्यांच्या कलेतही नव्हता. वेळ दिला, मोकळीक दिली, आठवड्याला एक गाणं नीट बसवायची सवड दिली, तर तेच लोक गीतरामायण देतात. सार्वजनिक नभोवाणीने करायचं काम ते हे, आणि त्यासाठी कुणाचं काही बंद करायची गरज नव्हती.

विविध भारतीचं श्रेय केसकरांना द्यायचं का, हाही तुमचा प्रश्न होता. ती 3 ऑक्टोबर 1957 ला, मुंबई आणि मद्रासच्या शॉर्टवेव्ह ट्रान्समीटरवरून सुरू झाली, आणि त्यात सिनेमाची गाणी परत आली. मंत्री तेच होते. पण मधल्या काळात महासंचालक म्हणून जगदीशचंद्र माथुर आले होते, आयसीएस अधिकारी आणि हिंदीतले नाटककार, ज्यांना लोक काय ऐकतात याची जाण होती. आमच्यात जुनी मंडळी विविध भारतीचं नाव काढलं की माथुर आणि नरेंद्र शर्मांचंच नाव घ्यायची. माझ्या मते श्रेय त्या दोघांना, आणि केसकरांना याचं, की स्वतःचा निर्णय पाच वर्षांत मागे फिरवला जात असताना ते आडवे पडले नाहीत. मंत्र्याच्या बाबतीत ही लहान गोष्ट नाही. खात्यात काम केलेल्या कुणालाही विचारा, वरिष्ठाच्या आवडीचा विषय असला की फाईल किती वर्षं हलत नाही. जाहिराती मात्र दहा वर्षांनी, 1 नोव्हेंबर 1967 ला, मुंबई-पुणे-नागपूरला सुरू झाल्या, म्हणजे सिलोनला खरी टक्कर द्यायला तेवढा उशीर झालाच.

आतापर्यंतचं थोडक्यात सांगायचं तर पेटी आणि गायिकांची मनाई त्यांच्या आधीची, सिनेमाच्या गाण्यांचा निर्णय त्यांचा आणि तो पाच वर्षंही टिकला नाही, ऑडिशन-संमेलन-सुगम संगीत त्यांच्या काळचं आणि ते टिकलं, उस्तादांबद्दलचा पूर्वग्रह त्यांचा आणि तो कुठल्याच जमेने खोडला जात नाही.

पण मला खरं सांगायचंय ते यापलीकडचं. तुम्ही तारखा ओळीने लावून बघा. 1940 ला एका इंग्रज अधिकाऱ्याच्या कारकिर्दीत पेटी बंद. 1946 नंतर पटेलांच्या खात्यात काही बायकांना दार बंद. 1952 ला केसकरांच्या काळात सिनेमाची गाणी बंद. आणि 1976 ला आणीबाणीत विद्याचरण शुक्ल त्याच खुर्चीत असताना किशोरकुमारची गाणी आकाशवाणीवरून बंद, कारण त्याने सरकारच्या कार्यक्रमाला सहकार्य केलं नाही. चार वेगळी कारणं आहेत, शेवटचं तर सरळ सूडाचं आहे आणि केसकरांना शुक्लांच्या रांगेत बसवणं अन्याय होईल. पण हुकूम पोचायचा मार्ग एकच. दिल्लीतून कागद निघतो, स्टेशन डायरेक्टरकडे येतो, संगीत विभागात येतो, लायब्ररीतल्या रेकॉर्डवर खूण होते, ड्युटी रूममधला माणूस क्यू शीट, म्हणजे काय कधी वाजवायचं त्याचा कागद, तपासतो, आणि ते गाणं नाहीसं होतं. मधे कुणी विचारणारा नाही, का म्हणून? श्रोत्याला तर कळतही नाही की काहीतरी काढलंय.

मी या साखळीत काम केलंय म्हणून मला ती दिसते. त्या खुर्चीत गाण्यावर प्रेम करणारा माणूस आला तर तिचा उपयोग संमेलनासाठी होतो, दुसरा कुणी आला तर दुसऱ्या कशासाठी. केसकरांची अभिरुची उच्च होती का संकुचित यावर आपण साठ वर्षं भांडतोय. त्यापेक्षा मोठा प्रश्न हा आहे की एका माणसाची अभिरुची, मग ती कितीही चांगली असो, देशभरच्या स्टुडिओत दुसऱ्या दिवशी नियम म्हणून कशी काय पोचू शकत होती. केसकरांकडे दहा वर्षं होती, नेहरूंचा विश्वास होता, बीबीसीची मंडळव्यवस्था त्यांना माहीत होती. त्यांनी नभोवाणी खात्यापासून वेगळी करायचा प्रयत्न केला असता तर कदाचित झालंही असतं. सरकारनेच नेमलेल्या चंदा समितीने 1966 ला स्वायत्त महामंडळाची शिफारस केली, वर्गीस समितीने 1978 ला पुन्हा केली, अशा महामंडळाचा, म्हणजे प्रसार भारतीचा, कायदा झाला 1990 ला आणि तो अंमलात यायला 1997 उजाडलं. माझ्या दृष्टीने केसकरांच्या नावावरची सगळ्यात मोठी उणीव ही आहे, गाण्यांची बंदी तिच्यामानाने किरकोळ. आणि यावर कुणी दुमत ठेवलं तर मी समजू शकतो. त्या वेळी नवं राष्ट्र होतं, रेडिओ सरकारच्या हातात असावा असं बहुतेकांना मनापासून वाटायचं, आणि स्वायत्त मंडळाने सारंगीवाल्यांना पगार दिला असता का याची खात्री मीही देऊ शकत नाही. सरकारी खातं होतं म्हणून तोट्यातला राष्ट्रीय कार्यक्रम चालला, हेही खरंच.

तेव्हा गौरव का टीका असं निवडू नका. स्मरणिकेत पानं मोजकी असणार. मी असतो तर सिनेमाच्या गाण्यांवर एक परिच्छेद लिहिला असता, कारण ते सगळ्यांना माहीत आहे, आणि बाकीची जागा ऑडिशनला दिली असती. त्यात दोन्ही बाजूंची माणसं आली पाहिजेत, जे पास होऊन उभे राहिले ते आणि जे अपमान समजून परत फिरले ते. तुमच्या मंडळात जुन्या गायक-वादकांची कुटुंबं असतीलच, त्यांच्याकडे चौकशी करा. रेडिओची काँट्रॅक्टं लोक जपून ठेवतात, पिवळे पडलेले छापील कागद असतात, त्यावर केंद्र, तारीख, कार्यक्रमाची वेळ आणि रुपये लिहिलेले असतात. पन्नासच्या दशकातलं एक जरी मिळालं तरी त्याचा फोटो लेखासोबत छापा, आणि त्या घरात त्या महिन्यात दुसरं काय उत्पन्न होतं तेही विचारून घ्या. आणि कुणाच्या घरी नापास झाल्याचं पत्र सापडलं तर त्यांची परवानगी घेऊन, नाव न देता, तेही शेजारीच छापा.